आम्पारोची तीन मिनिटं

आम्पारो ल्योरेन्ते ही स्पॅनिश नटी. बार्सिलोनात चार वर्षांत पाच मूकपट केले, सहाव्याच्या आधी एका जहाजमालकाशी लग्न केलं आणि संपली. नवऱ्याने तिची रिळं विकत घेऊन जाळली. तीन मिनिटांचा एक तुकडा तेवढा वाचला, तो मी सिंगापूरच्या एका म्युझियममध्ये पाहिला. दारात उभी राहून ती पडद्यावरच्या नवऱ्याच्या कोटाची बटणं लावते, डोळ्यांतून प्रेम नुसतं ओसंडतंय. आवाज नसला तरी त्या काळचे नट बोलत असत. पुढे कधीतरी बहिऱ्या प्रेक्षकांनी तिचे ओठ वाचले, असं खालच्या पाटीवर लिहिलं होतं. ती म्हणत होती, ‘तुझ्या तोंडाला कुजक्या माशाचा वास येतो.’

ही बाई मला फार आवडली. लग्नाआधी पुण्यात मी सात नाटकं केली होती. लग्न करून इथे आल्यापासून हौगांगच्या फ्लॅटमध्ये पोळ्या करतेय. तिच्यावर अर्ध्या तासाचं एकपात्री लिहिलं आणि दोन हजार सोळाच्या गणेशोत्सवासाठी इथल्या मराठी मंडळाने ते मंजूरही केलं. एकोणीस वर्षांनी मी स्टेजवर बोलणार होते.

माझा नवरा शामकांत जहाजावर चीफ इंजिनियर. चार महिन्यांनी घरी आला, संहिता वाचली आणि म्हणाला, “हा जहाजमालक म्हणजे मी.”

“तो स्पॅनिश आहे,” मी म्हटलं.

“लोक मला हसतील. हे करायचं नाही.”

“करणार.”

चोराच्या मनात चांदणं, दुसरं काय. त्याने संहिता मिटून ठेवली आणि जेवायला वाढ म्हणाला, तेव्हाच मला शंका यायला हवी होती.

कार्यक्रमाच्या चार दिवस आधी मंडळाच्या सांस्कृतिक सचिव सुलेखाचा मेसेज आला. ‘तुझ्या घशाच्या गाठीचं शामकांतने सांगितलं. डॉक्टरांनी महिनाभर बोलायला बंदी केलीय म्हणे. जप गं. तुझा अर्धा तास मुलांच्या फॅन्सी ड्रेसला दिलाय.’

माझी तळपायाची आग मस्तकात गेली. घसा ठणठणीत होता माझा. नवऱ्याचं पितळ उघडं पाडायला सुलेखाला फोन लावला, आणि ती उचलायच्या आत कट केला. मला आम्पारो आठवली होती. टाइप केलं, ‘तीन मिनिटं दे. एक शब्दही बोलणार नाही. मूकपटातलीच तर होती ती.’

शामकांतला कळलं तेव्हा तो हसला. “हे बरंय. मूक तर मूक.”

एक गोष्ट मात्र तो विसरला. इंजिन रूममध्ये कानाशी ओरडलं तरी ऐकू येत नाही, म्हणून तिथली माणसं एकमेकांचे ओठ वाचतात. शामकांत त्यात पटाईत. स्वयंपाकघराच्या काचेपलीकडे मी काय पुटपुटले, ते तो बाहेरून सांगायचा. या घरात मला हळू आवाजात शिव्या द्यायचीही सोय नव्हती.

लिटिल इंडियाजवळच्या हॉलमध्ये तो कमिटीबरोबर पहिल्या रांगेत बसला होता. मी खुर्चीच्या पाठीवर त्याचाच कोट चढवला. त्याच्याकडे बघून गोड हसले आणि बटणं लावत, ओठ नीट हलवत, बिनआवाजाचं बोलू लागले.

“खोटारड्या. माझा आवाज तू बंद केलास. एकोणीस वर्षं मी तोंड दाबून बुक्क्यांचा मार खाल्ला. तू मला आवडत नाहीस, शामकांत. उद्याच्या विमानाने मी पुण्याला जातेय, नाटक तिथे करीन. तुझ्या पोळ्या तू कर.”

मागच्या रांगेतून कुणीतरी “हाउ स्वीट” म्हणालं. टाळ्या वाजल्या. एवढ्या एसीत शामकांतच्या कानशिलावरून घाम ओघळत होता, आणि त्याला उठताही येत नव्हतं.

पडदा पडल्यावर सुलेखा मला दंडाला धरून त्याच्याकडे घेऊन गेली. “किती प्रेमाने बघत होती तुमच्याकडे. काय म्हणत होती हो?”

भोवती सगळी कमिटी उभी. भल्यामोठ्या इंजिनापलीकडून ओठ वाचणारा माणूस म्हणाला, “काय माहीत. मला काही कळलं नाही.”

“मग मोठ्याने सांगते,” मी म्हटलं.

माझा खणखणीत आवाज ऐकून सुलेखाचा हात दंडावरून गळून पडला. हॉलमधली माणसं वळून बघू लागली. मी पहिल्यापासून सुरुवात केली.

“खोटारड्या.”