कोळशाखालचा कागद

मेहबूब गेल्यावर त्याची कबाबची गाडी जुन्नरच्या बाजारात पुन्हा उभी राहिली ती त्याच्या बायकोची, आबेदाची, इद्दत, म्हणजे नवऱ्यामागे घरात काढायचे चार महिने दहा दिवस, संपल्यावरच. मुलगा झीशान गाडी विकायला निघाला होता. आबेदाने एक संध्याकाळ मागून घेतली होती. शेगडी तिच्या हाताने पेटली तर गाडी राहील.

मी वाचनालयातून निवृत्त झालेला माणूस. मेहबूबला रद्दी वर्तमानपत्रं नेऊन द्यायचो, म्हणून त्या दिवशीही नेली. दुसरी कसली मदत सुचली नाही.

आबेदाने बूड काढलेला, खालच्या कडेला भोकं पाडलेला तेलाचा डबा शेगडीत उभा केला. तळाला कागदाचे बोळे, वर कोळसा, काडी खालून. बोळा करण्याआधी प्रत्येक पान ती उघडून बघत होती. ही मेहबूबची रीत. श्रद्धांजलीचे फोटो तो फाडून माझ्या हातात द्यायचा. "माणसाचं तोंड आगीत नको, सर." माझ्या पुस्तकांत खुणेला असे कितीतरी अनोळखी चेहरे आहेत.

कोळसा गोणीत पडून दमट झाला होता. कागद जळून गेले, नुसता धूर झाला.

"अम्मी, बाईकमधलं पेट्रोल काढू जरासं?"

"भडका उडंल तोंडावर. आन् मटणाला वास मारंल. तुझ्या अब्बांनी कधी थेंब टाकला व्हता का?"

"अब्बा न्हाईत आता."

उरलेलं एकच पान तिने उघडलं आणि हात थांबले. पानावर मेहबूब होता. फोटोखालचा मजकूर मी लिहिलेला, कितीदा खोडून, तरी अवघडलेलाच. हे पान गठ्ठ्यात आलंय हे मला माहीत नव्हतं. घरून दुसरं आणतो, असं म्हणायचं होतं.

आबेदाने फोटोभोवती नखाने सावकाश फाडलं, चेहरा पदराच्या गाठीत बांधला.

"सर, तुमी लिवल्यालं जाळू का?"

मी मान डोलावली.

तिने कोळसा उपसून तळाला बारीक, सुके तुकडे घातले, खाली तो बोळा सरकवला. ज्योत आत चढली. कोळसा तडतडला, मग हळूहळू त्यावर पांढरी राख धरली. झीशानने न सांगता पकडीने डबा उचलला, निखारे पसरले आणि सळया घ्यायला वळला.

आच बघायला मेहबूब धरायचा तसा तिने निखाऱ्यांवर तळहात धरला.

"झालं, अम्मी. धरली आच."

"व्हय," ती म्हणाली, पण हात तसाच ठेवून उभी राहिली.