मारेकऱ्याचा उजवा हात

प्रताप गुप्तेंनी आजवर एकशे बारा माणसं मारली होती. सुरीने, दोरीने, एकदा तर इस्त्रीने. सगळी पडद्यावर, हे वेगळं सांगायला नको. लेस्टरमध्ये जन्मलेला, तिथल्या रंगभूमीवर घडलेला हा माणूस अमेरिकेत आला आणि खलनायक म्हणून जो चिकटला तो चाळीस वर्षं. दुकानात त्यांना बघून लोक रांग बदलायचे, आणि म्हातारा मनातून खूश व्हायचा. पण त्यांचा खरा तोरा वेगळाच होता. एवढे खून केले, पण कुणाला साधा ओरखडा नाही!

मे महिन्यात त्यांच्या उजव्या हातातून चहाचा कप सुटला. छोटासा स्ट्रोक, डॉक्टर म्हणाला. हाताची ताकद आठवड्याभरात परत आली. स्पर्शाची जाणीव मात्र गेली ती गेलीच. त्यांनी हे कुणाला सांगितलं? कुणालाही नाही. सांगितलं असतं तर दुसऱ्या दिवसापासून घरी बसवलं असतं, आणि घरी बसून हा माणूस करणार काय, कपाळ?

ऑगस्टमध्ये अ‍ॅशबर्नच्या एका रिकाम्या डेटा सेंटरमध्ये मालिकेचं शूटिंग होतं. त्यांच्या हातून मरणार होती हिमानी, वेस्ट विंडसरची पोर, पहिलाच मोठा रोल. गळा दाबायच्या सीनमध्ये दाबणारा खरं तर काहीच करत नाही. हात नुसता ठेवायचा. धडपड सगळी मरणाऱ्याची. जास्त झालं तर त्याने दाबणाऱ्याच्या मनगटावर दोनदा थोपटायचं, की हात सुटलाच पाहिजे.

"काका, बिनधास्त करा हं," हिमानी म्हणाली. "आय ट्रस्ट यू."

"अ‍ॅक्शन!" दिग्दर्शिका मोना ओरडली.

प्रतापरावांनी तिला लोखंडी रॅकवर आदळलं, उजव्या हाताने गळा धरला आणि ठरल्याप्रमाणे तिच्या डोळ्यांत बघत राहिले. पोरगी लाथा झाडू लागली. एक लाथ नडगीवर सणसणीत बसली. तिच्या डोळ्यांत लाल शिरा उठल्या, ओठ काळेनिळे पडले, हनुवटीवरून लाळ ओघळली. वा गं पठ्ठे, म्हाताऱ्याच्या मनात आलं, काय अ‍ॅक्टिंग करते ही! सेटवरचा स्टंटवालाही मॉनिटरवर बघत मान डोलावत होता.

मग त्यांच्या पांढऱ्या बाहीवर लाल ठिपका पडला. आणखी एक. तिच्या नखांनी त्यांचं मनगट सोलून काढलं होतं, आणि त्यांना पत्ताही नव्हता.

त्यांनी हात झटकला. हिमानी धाडकन फरशीवर पडली, ढास लागली आणि तिथेच ओकली.

"कट! अमेझिंग!" मोना धावत आली. "यार, असं रिअल मी कधी पाहिलं नाही! फाइव्ह मिनिट्स, मग क्लोजअप घेऊ."

हिमानीच्या गळ्यावर चार बोटं उमटली होती. आवाज पार बसला होता. "काका, मी थोपटलं होतं... बऱ्याच वेळा," ती कशीबशी म्हणाली. "हळू झालं असेल. सॉरी हं. क्लोजअपला जोरात थोपटते."

सॉरी! जीव जाता जाता राहिलेली पोर त्यांची माफी मागत होती. प्रतापरावांना स्वतःची भयंकर शिसारी आली. गप्प राहिलं तर काम टिकणार होतं. पाच मिनिटांनी तोच गळा, तोच हात.

ते कॉफीच्या टेबलाशी गेले. उकळत्या पाण्याच्या मोठ्या थर्मासची तोटी उघडली आणि उजवा हात खाली धरला.

वाफ उठली. कातडी लालभडक झाली, टरारून फुगली. कुणीतरी किंचाळलं. ते मात्र हलले नाहीत.

"मोना, बघून घे," ते म्हणाले. "हा हात मेलाय. मेपासून. मी लपवलं. आता या हाताखाली कुणालाही देऊ नकोस."

हिमानीने त्यांना ओढत सिंकपाशी नेलं, गार पाण्याखाली तो हात धरला.

"काका, खूप दुखतंय का हो?"

"नाही गं बाळा," म्हातारा हुंदके देत म्हणाला. "जराही नाही. तुझा गळासुद्धा मला कळला नाही."