डावीकडची मोकळी जागा

कार्तिकातले सकाळचे ऊन आमच्या बिरसीच्या शिवारात घाईने येत नाही. आधी ते मोहाच्या शेंड्यावर टेकते, तिथून विमानतळाच्या कुंपणावर उतरते, आणि मोहाची सावली मागे सरेल तसतसे, कापलेल्या धानावरचा दवाचा थेंबन् थेंब तपासत बांधीच्या खाचरात शिरते. त्या दिवशी ते माझ्या पायाच्या अंगठ्याशी पोचले, तेव्हा मी धसकटांत उताणा पडलो होतो.

माझ्या लघुपटाचा विषय होता ‘देह आणि अवकाश’. शेताच्या कडेला धुऱ्यावर रोवलेल्या काठीला बांधलेला मोबाइल चित्रण करत होता. वर शिकाऊ वैमानिकाचे विमान घिरट्या घालत होते. ऊन कपाळावर येईपर्यंत देहाने हलायचे नाही, चेहऱ्याने काही सांगायचे नाही, असा नियम मीच केला होता. चौकटीत डावीकडे एका माणसापुरती जागा मोकळी होती. ती शून्याची. शेजारच्या धुरपताबाईंच्या प्रेरणाला ‘माझ्या फिल्ममध्ये येशील का’ असे विचारण्यासाठी मी पावसाळाभर शब्द जुळवत होतो, त्याचा या जागेशी संबंध नव्हता.

“पोराले साप डसला वो!” धुरपताबाई ओरडल्या.

शेजारच्या बांधीत धान कापणारे सगळे विळे टाकून धावले. ऊन अजून गुडघ्यावरच होते. मी हललो नाही.

“बोटंबी हलवून नाही राहिला,” सुकराम म्हणाला. “निंबाचा पाला आना. कडू नाही लागला तं जहर चढलं समजा.”

मूठभर पाला माझ्या तोंडात कोंबला गेला. जीभ जळाली. चेहरा मात्र नियमाला जागला.

“कडू लागते का बापू?” सुकरामने विचारले.

मी चावत राहिलो.

“गेला वो! गोड लागून राहिलं त्याले!” धुरपताबाईंनी दुसरी मूठ कोंबली.

“माय, थांब.” प्रेरणा मोबाइलपाशी वाकली होती. “हा तं पिक्चर काढून राहिला.”

“मंग आमी आलो का त्याच्यात?” सुकरामने लगबगीने दुपट्टा सारखा केला.

मी उठून पाला थुंकलो.

“कडू होतं तं बोलला काऊन नाही गा?” धुरपताबाई कडाडल्या.

“शॉट चालू होता, मावशी.”

प्रेरणाने पडद्यावर बोट ठेवले. “अन् इथं एवढी जागा कायले सोडली?”

“ते शून्य आहे. देहाभोवतीच्या अवकाशाचे जे मूलभूत...”

तिने उरलेला पाला माझ्यापुढे धरला. “हे चाव अन् मंग सांग. जागा कोनाची?”

धुरपताबाईंनी विळा पुन्हा उचलला होता. ऊन कपाळावर आले होते. मी पाला चावला; तोंड वाकडे झाले.

“तुझी,” मी म्हणालो.