जनीचा पत्ता

चौकोन पेन्सिलीने काढलेला होता. बाकीचे शाईचे – वर हरिश्चंद्र, म्हणजे बाबा, खाली आत्माराम आणि मथुरा – आणि मथुरेच्या शेजारी हा नवा, रिकामा, वकिलाने घाईत ओढलेला, एक कोपरा उघडाच राहिलेला. वंशावळीच्या कागदावरून मथुरेचं बोट हलेना. समोर आत्मारामचा नितेश चहा फुंकत बसला होता.

"आत्ये, नाव नि पत्ता तेवढा भरायचाय. शुक्रवारी तारीख आहे. धाकट्या आत्येला सामील केलं नाही तर दावा टिकत नाही, वकील म्हणाले."

धाकटी आत्ये! चाळिशीला आला हा, या घरात जनीचं नाव कोणी त्याच्या कानावर पडू दिलं नव्हतं... जनी नाटे बंदरातल्या खलाशाबरोबर, जातीबाहेर, निघून गेली आणि आठ दिवसांत आत्मारामने रेशनकार्डावरून तिला कमी करून आणलं. कोणी विचारलं तर भावंडं दोनच, असं त्याने आईलाही बजावलं. त्याला पन्नास वर्षं झाली. मालगुंडच्या बागेची वाटणी मागायला चुलतभावांवर दावा लावला तेव्हाही त्याने दोनच नावं दिली. शेवटी त्या चुलतभावांनीच कोर्टात लिहून दिलं, की हरिश्चंद्राला आणखी एक मुलगी आहे आणि ती जिवंत आहे. जिवंत आहे – हे वैऱ्यांनी सांगायचं!

"पत्ता तुझ्या बापाला विचार."

"त्यांनीच तर तुमच्याकडे पाठवलं. म्हणाले, मथूकडे असणार. भाऊबीज झाली की दुसऱ्या दिवशी ती राजापूरची गाडी धरते."

म्हणजे ठाऊक होतं त्याला. मी मैत्रिणीकडे जाते म्हणून सांगायची, पिशवीत लाडवांवर साडी पसरायची, आणि हा आदल्या दिवशी माझ्याकडून ओवाळून घेताना सगळं जाणून पाटावर बसलेला असायचा...

"आणि हिस्सा? देणार तिला?"

"कायद्याने येईल तो येईल." नितेश हसला. "नंतर हक्कसोड लिहून घेऊ की. त्यांना काय करायचीय बाग?"

मथुरा ताडकन उठली. स्वयंपाकघरात जाऊन तिने फोन लावला.

"जने, कोर्टाचा कागद येईल. कशावर सही करू नकोस. आत्मारामने तुला प्रतिवादी करायचं काढलंय, मेल्याने."

पलीकडून जनी हळूच म्हणाली, "नाव कुठलं घालणार गो आक्का? सासरचं?"

"दोन्ही घालतात. माहेरचंसुद्धा."

"म्हणजे बाबांच्या खाली? तुझ्या शेजारी?" आणि जनी हसायला लागली, लहानपणी आंबोशीची बरणी हाती लागल्यावर हसायची तशी. "मग घाला की! दावा तर दावा. एक झेरॉक्स मला ठेव हां, नातवंडांना दाखवते. आमच्या शमिकाला वाटतं मला माहेरच नाही."

"अगो वेडे, तो तुझं सगळं लिहून घेईल!"

"घेऊ दे गो. नाव तर आधी लिहील ना?"

फोन बंद झाला तरी मथुरेने तो कानालाच धरून ठेवला होता. अंगाची लाही होत होती – आत्मारामवर, त्या वकिलावर, या खुळीवर. पन्नास वर्षांचे लाडू नेऊन जे तिला देता आलं नाही ते त्या लोभी माणसाच्या एका कागदाने दिलं!... देता आलं नाही, की दिलं नाही? आईच्या दहाव्याला जनी खाली पाखाडीच्या दगडी पायऱ्यांवर उभी होती, उन्हात, पदर डोक्यावर घेऊन. आत्मारामने तिला अंगणात येऊ दिलं नाही, हे खरं. पण मी तर अंगणातच होते. पाच पायऱ्या होत्या मधे. आणि पाहुण्यांतल्या एका बाईने विचारलं, ती कोण हो उभी? – तेव्हा "असेल कोणी गावातली" हे आत्माराम बोलला नव्हता.

"आत्ये, पत्ता सांगताय ना?" बाहेरून नितेशने हाक मारली.

तोंडाशी आलेली शिवी तिने तशीच धरून ठेवली. ती कुणाला द्यायची, हे तिला एकाएकी कळेनासं झालं होतं.