आईचे अकरा सेकंद

सहा मिनिटांच्या त्या चित्रपटातून धाकट्याला दोन गोष्टी मिळणार होत्या : फिल्म संस्थेतली कायमची नोकरी आणि वडिलांचा वारस म्हणून मान. वडील टाचणीने थेट फिल्मवर ओरखडे काढून चित्रपट करायचे. तेव्हा बघायला चार जण असत, त्यातले दोन नातेवाईक. आता त्यांचं नाव निघालं की समीक्षक खुर्चीत सरळ बसतात. म्हणून धाकट्याने त्याच पद्धतीने त्यांना आदरांजली वाहायची ठरवली. वडील हयात नव्हते, ही एक सोयच.

संस्थेच्या परीक्षकांना दाखवायच्या आदल्या दिवशी रीळ तुटलं आणि त्याला बहिणीची आठवण झाली. ती लॅबमध्ये रिळं तपासायची, जोडायची. वडिलांनी घरात चित्रित केलेल्या एकुलत्या एका रिळाची कॉपी तिनेच त्याला ओरखडे काढायला करून दिली होती. मूळ रीळही तो 'ताडून बघायला' घेऊन गेला होता.

तिने हातमोजा काढून फिल्मच्या कडेवरून नख फिरवलं. जुन्या जोडावर नख अडकलं. कॉपीत जुन्या जोडाचं नुसतं चित्र उतरतं, ते नखाला लागत नाही.

"हे मूळ रीळ आहे."

"ताई, आधी जोड. भाषण नंतर."

"मग कॉपी काय शोभेला दिली होती?"

"कॉपीवर ओरखडा मेल्यासारखा उठतो. जुन्या फिल्मला जी धार येते ना... तुला नाही कळायचं. तू पडलीस जोडणारी."

तिने रीळ दिव्यासमोर धरलं. खिडकीत केस पुसत हसणारी तरुण आई त्यात अकरा सेकंद होती. आता प्रत्येक चौकटीत चेहऱ्याच्या जागी खरवडलेला पांढरा डाग.

"कॉपी आण. निदान तिच्यात तरी आई असेल."

"तिच्यावर सराव केला."

"सराव!"

"बाबा तरी वेगळं काय करायचे?"

"बाबा कोऱ्या फिल्मवर करायचे, गाढवा! ऊठ. मी जोडणार नाही."

त्याने घरी चिकटपट्टीने जोड मारला. पडद्यावर तिथे चित्राने उडी घेतली. परीक्षकांनी ती मुद्दाम घातलेली समजून कौतुकाने टिपून घेतली.

धाकट्याला नोकरी मिळाली, संस्थेला वारस. बहिणीने त्याच्याशी बोलणं टाकलं, म्हणजे तिचा भाऊ गेला. आणि त्या दिवशी तिसऱ्या रांगेत नवा चष्मा लावून बसलेली आई शेवटपर्यंत शेजारणीला विचारत राहिली, "मी कधी येते गं?" दिवे लागल्यावर टाळ्या मात्र तिनेही वाजवल्या, लेकाचं काम म्हणून.