मडक्याचा तळ

फिलिनाने दाराच्या एका बाजूला डांबर फासलं आणि दुसरी बाजू मुद्दाम कोरी ठेवली. सासू घरात नव्हती म्हणून हे जमलं. हेगेसो घरात असती तर तिने चौकट बोटाने चाचपून पाहिली असती आणि सुनेची चांगलीच हजेरी घेतली असती.

मडक्यांचा दिवस होता, फुलांच्या सणाचा शेवटचा. या दिवशी मेलेली माणसं वर येतात, हे पिरियस बंदरातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. सकाळी उठून काटेरी झुडपाची कडू पानं चघळायची. दारांना डांबर फासायचं, म्हणजे भुतं उंबरा ओलांडत नाहीत. घरात असतील नसतील ती सगळी धान्यं मधात शिजवून मडकं अंगणात ठेवायचं. ते मेलेल्यांचं, आणि त्यांना वाट दाखवणाऱ्या हर्मीस देवाचं. जिवंत माणसाने त्यातला एक दाणासुद्धा जिभेवर ठेवायचा नाही. मग सूर्य बुडताना अख्ख्या गल्लीने ओरडायचं, 'चला, भुतांनो, बाहेर व्हा! सण संपला!' गेलेल्यांवर माया असते हो, कोण नाही म्हणतं? पण मुक्काम करू दिला तर संपलंच.

फिलिनाला मात्र त्यातला एकजण हवा होता. निदान एक दिवस तरी.

तिचा नवरा लाखेस गव्हाच्या जहाजावर गेला आणि जहाज वादळात फुटलं. समुद्राने प्रेतही परत दिलं नाही. मग किनाऱ्यावर उभं राहून त्याला नावाने हाका मारल्या, केस कापले आणि वेशीबाहेर रस्त्याच्या कडेला रिकामी समाधी बांधली. हेगेसो आता तिथेच पाणी घालायला गेली होती. जाताना बजावून गेली होती, "कुणी हाक मारली तर ओ देऊ नकोस. माझ्या पोराच्या आवाजात मारली तरी नाही. कळलं?"

"कळलं, आई," फिलिना म्हणाली होती. कळलं तर होतंच की.

उन्हं कलली तेव्हा तो आला.

हाडं वर आलेली, दाढी छातीपर्यंत, पायांना चिंध्या बांधलेल्या. दाराशी येऊन उभा राहिला आणि म्हणाला, "फिलिने."

तिला भीती वाटली नाही. खरं सांगायचं तर आनंदच झाला. "आलात?" ती म्हणाली. "मला वाटलंच होतं, तुम्ही याल म्हणून."

"गल्लीत कुणी बोलेना गं माझ्याशी. क्रोबिलाकाकूने तर मला बघून पाठच फिरवली."

"फिरवू देत. तुम्ही बसा."

तो उंबऱ्यावर बसला. तिला त्याच्या गळ्यात पडावंसं वाटत होतं. पण मेलेल्याला मिठी मारली तर हाती नुसता वारा लागतो, हे तिने लहानपणापासून ऐकलं होतं. हात लावला आणि विरून गेले तर? म्हणून ती हात मागे बांधून नुसती बघत राहिली.

"फार त्रास झाला का हो?" तिने विचारलं.

"झाला. एका फळीला धरून होतो. मग शुद्ध गेली." त्याने डोळे मिटले. "जाऊ दे. आता संपलं सगळं. काही खायला आहे का?"

असणार नाही तर काय! तिने मघाशीच उतरवलेलं मडकं उचललं आणि त्याच्यापुढे ठेवलं. सातू, मसूर, हरभरे, वाल, खसखस, तीळ, वर घरातला होता नव्हता तेवढा मध. वाफ अजून निघत होती.

त्याने आत पाहिलं आणि हात आखडला. "आज तो दिवस आहे? मला दिवसांचा हिशेबच राहिला नाही. पण हे आपण खायचं नसतं ना गं?"

"तुमच्यासाठीच शिजवलंय," ती म्हणाली. "घ्या ना. माझी शपथ आहे तुम्हाला."

भुकेल्या माणसाला आणखी काय हवं? बायकोवर विश्वास ठेवून त्याने हात घातला. पहिल्या घासाला बोटं भाजली, तेव्हा त्याने फुंकर मारली. फिलिनाने ती फुंकर पाहिली, पण तिच्या डोक्यात काही शिरलं नाही. तो जेवतोय, एवढंच तिला दिसत होतं. खाऊन झाल्यावर त्याने मडक्याच्या कडा बोटाने पुसल्या, तळ पुसला, बोट चाटलं. लहानपणापासूनची सवय. 'माझ्या लाखेसचं ताट धुवावं लागत नाही,' असं हेगेसो गल्लीभर सांगत फिरायची.

मग त्याला उचकी लागली.

फिलिना हसली, आणि हसता हसता थांबली. उचकी? मेलेल्याला? तिने हात पुढे करून त्याच्या गळ्याला लावला. गळा घामेजलेला होता, गरम होता, बोटांखाली शीर उडत होती.

"अहो," ती कशीबशी म्हणाली, "तुम्ही... जिवंत आहात?"

"मग काय भूत आहे? अगं, धनगरांनी वाचवलं मला. ताप उतरायलाच हिवाळा गेला." तो हसला. "तुला काय वाटलं?"

तेवढ्यात हेगेसो आली. रिकामी घागर तिच्या हातातून पडली आणि फुटली. पण ती म्हातारी सुनेसारखी बघत बसली नाही. तिने सरळ मुलाच्या छातीला कान लावला, मग त्याच्या पाठीत एक सणसणीत धपाटा घातला आणि रडायला लागली. "मेल्या! तुझ्यासाठी केस कापले मी! कुठे उलथला होतास?"

"आई, आत तर येऊ दे!"

"खबरदार! उंबऱ्याच्या आत पाऊल टाकू नकोस. तुझे दिवस घातलेत आम्ही. ज्याचे दिवस घातले त्याला पुन्हा जन्म घ्यावा लागतो, मगच घर. सूनबाई, पाणी आण. दुपट्याला ती चादर आण."

त्याला अंगणातच न्हाऊ घातलं. तान्ह्या बाळासारखं चादरीत गच्च गुंडाळलं. हेगेसोने त्याचं दाढीचं तोंड आपल्या सुकलेल्या छातीशी धरलं.

"आई, काय हे! लोक काय म्हणतील?"

"गप. दूध नसलं तरी चालतं, रीत झाली पाहिजे." म्हातारीचा चेहरा उजळला होता. "एवढा घोडा झालास, पण वजन काही नाही रे बाळा. सूनबाई, मध आण. जिभेवर मध लावला की झालं. मग आत."

फिलिना जागची हलली नाही.

"अगं, मध!"

"मध नाही, आई. सगळा मडक्यात घातला."

हेगेसोची नजर मडक्याकडे गेली. मग मुलाच्या दाढीत अडकलेल्या तिळाकडे. "कुणी खाल्लं हे?" तिने अगदी हळू विचारलं.

"मला वाटलं, ते..." फिलिना म्हणाली. "मला वाटलं, मेलेत ते."

पाताळाचा राजा हेडीस याने डिमीटर देवीच्या मुलीला, पर्सेफोनीला, पळवून नेलं. तिने तिथे डाळिंबाचे मोजके दाणे खाल्ले. मेलेल्यांचं अन्न पोटात गेलं, म्हणून ती तिथलीच झाली; वर येते ती फक्त वसंतात. देवीची लेक असून! ही गोष्ट त्या अंगणात कुणी कुणाला सांगितली नाही. सांगायची गरजच नव्हती.

बाहेर ऊन भिंतीवरून उतरलं होतं. गल्लीच्या टोकाकडून पहिली आरोळी आली, "चला, भुतांनो, बाहेर व्हा!"

फिलिना धावत सुटली. क्रोबिला आपल्या दारात उभी होती. फिलिनाने तिच्या तोंडावर हात ठेवला. "काकू, नका ओरडू! पाया पडते! माझा नवरा जिवंत आहे!"

क्रोबिलाने तिचा हात झटकून टाकला. "वेड लागलंय तुला. मी पाहिलाय त्याला. जे परत पाठवायचं ते पाठवायलाच हवं!" आणि ती सगळ्यांपेक्षा मोठ्याने ओरडली. दारादारांतून आवाज उठला. एका बाईने किती तोंडं बंद करायची?

ती परत आली तेव्हा लाखेस उभा होता. हेगेसोने चादरीचं टोक हाताला गुंडाळून धरलं होतं, पण चादर आपोआप सैल होऊन गळून पडली.

"बोलावतायत गं," तो म्हणाला. "एवढी माणसं चाललीत. तुम्हाला दिसत नाहीत का?"

रस्ता रिकामा होता. फिलिनाने त्याचा हात घट्ट पकडला. आता तो हात गार होता. उचकी कधी थांबली, कुणाच्या लक्षात आलं नव्हतं. "नका जाऊ," ती म्हणाली. "माझं चुकलं हो. नका जाऊ." तिची बोटं मिटली, आणि मुठीत काहीच उरलं नाही.

तो वेशीच्या बाजूला, त्या रिकाम्या समाधीच्या बाजूला गेला. दोन्हीकडच्या लोकांना वाट द्यावी तसा मध्येच अंग चोरून चालत होता. वळणावर दिसेनासा झाला.

गल्ली शांत झाली. माणसं दारांवरचं डांबर खरवडायला लागली. फिलिना घरात आली तेव्हा हेगेसो मांडीवर मडकं घेऊन बसली होती. आत हात घालून तळ चाचपत होती, पुन्हा पुन्हा.

"आई, काय शोधताय?"

"एखादा दाणा. पर्सेफोनीने थोडेच खाल्ले होते ना, म्हणून वसंतात तरी वर येते. यानेही मागे काही ठेवलं असेल तर..." म्हातारीने हात बाहेर काढला. बोटं कोरडी, स्वच्छ होती. "मीच शिकवलं गं त्याला. पानात काही टाकायचं नाही म्हणून."