गुरुवारचं उरलेलं

“डीलिया, कुणाचा म्हणजे कुणाचा विश्वास बसणार नाही,” फिंटन गिलमार्टिन दारातूनच म्हणाला, “पण काल मी सूप केलं.”

त्याच्या हातात बायकांच्या जुन्या लोकरी कोटात गुंडाळलेलं पातेलं होतं. कोट त्याच्या बायकोचा, ऊनाचा. झाकणाच्या फटीतून वाफ निघत होती आणि टोपीच्या कडेवरून पाऊस ठिबकत होता. पण लीट्रिमच्या मुलखात पावसाचा विषय काढणं म्हणजे माशाने पाण्याचा विषय काढणं, तेव्हा त्याबद्दल दोघंही काही बोलले नाहीत.

“तू?” डीलिया टार्पी म्हणाली. “तुझा चहासुद्धा करपतो.”

“तेच तर सांगतोय. विश्वास बसणार नाही.”

फिंटनवर विश्वास न ठेवण्याची ड्रमकील गावाला जुनी सवय होती. चाळीस वर्षं त्याने डेअरीची लॉरी चालवली. फाटकाफाटकाशी ठेवलेले दुधाचे कॅन उचलायचे, रिकामे ठेवायचे आणि जाता जाता मागच्या घरची बातमी पुढच्या घरी पोचवायची. दुधात त्याने आयुष्यात कधी थेंबभर पाणी मिसळलं नाही. बातमीचं सांगता येत नाही. पहिल्या फाटकाला गाय व्यायली असेल, तर शेवटच्या फाटकापर्यंत तिला जुळं झालेलं असे आणि त्यातलं एक वासरू प्रार्थना म्हणायला लागलेलं असे. लोक हसत, फिंटन पुढे जाई. मात्र खरं आणि जड असं काही सांगायची वेळ आली की याच माणसाची जीभ टाळूला चिकटायची. ऊनाला मातीत ठेवलं त्या दिवशीही त्याने पाद्रीबाबांना गाढवाची गोष्ट सांगितली होती, आणि मग घरी येऊन तीन दिवस कुणाशी शब्द बोलला नव्हता.

चौथा दिवस गुरुवार होता. अकराच्या सुमाराला दार वाजलं. दारात पलीकडच्या शेतातली डीलिया, हातात झाकण लावलेला छोटा कॅन.

“सूप उरलं होतं,” ती म्हणाली. “टाकवेना. कुत्रा तर आता राहिला नाही.”

आता आमच्याकडे खाण्याचं एक शास्त्र आहे. कुणी काही पुढे केलं की पहिल्यांदा नाही म्हणायचं, दुसऱ्यांदाही नाही म्हणायचं, आणि तिसऱ्यांदा, केवळ समोरच्याचं मन मोडू नये म्हणून, हो म्हणायचं. पहिल्याच फटक्यात हो म्हणणारा माणूस अधाशी, आणि तिसऱ्यांदाही नाही म्हणणारा गर्विष्ठ. पण उरलेल्याला हे शास्त्र लागू नाही. उरलेलं घेणारा उपकार घेत नाही, करतो. फिंटनने कॅन घेतला, कुत्र्याच्या जागी आपली नेमणूक झाली असं समजून वाडगा चाटूनपुसून संपवला, आणि तीन दिवसांनी पहिल्यांदा पोटात काहीतरी ऊन गेलं.

त्यानंतर दर गुरुवारी अकराला डीलियाकडे सूप उरत गेलं. दोन हिवाळे उरलं. फिंटनने कधी आभार मानले नाहीत. उरलेल्याचे आभार कसले मानायचे? कॅन धुऊन परत द्यायचा, आणि सोबत एखादी थाप.

तीन आठवड्यांपूर्वी डीलिया कोंबड्यांच्या खुराड्यापाशी घसरली आणि उजवं मनगट मोडलं. कोपरापर्यंत प्लॅस्टर. कॉर्कहून तिच्या मुलीचा, कार्मेलचा फोन आला. मुलगी गुणी, पण कॉर्कमध्ये राहून तिचं बोलणं फार सरळ झालं होतं. आई, तुला एका हाताने बटाटा सोलता येत नाही, शनिवारी मी येते. चूल थंड दिसली तर सामान बांधायचं आणि माझ्याकडे यायचं, असं तिने सांगितलं. खुराडं, शेत, समोरची टेकडी, नवऱ्याचं थडगं, सगळं सोडून सहाव्या मजल्यावर. डीलिया म्हणाली, माझं छान चाललंय. छान म्हणजे चहा आणि पाव.

गावाने हात पुढे केला नाही असं नाही. पोस्टातली फिलोमिना मटणाच्या खिम्याचं भलंमोठं ताट घेऊन आली, वर खरपूस बटाटा लावलेला. डीलिया नाही म्हणाली. पुन्हा नाही म्हणाली. फिलोमिनाने शास्त्राप्रमाणे तिसऱ्यांदा ताट पुढे केलं, आणि डीलिया तिसऱ्यांदाही नाही म्हणाली. ही गोष्ट फिंटनने पोस्टात ऐकली. एरवी तिच्यात चार गोष्टी घालून ती पुढे पाठवली असती. त्या दिवशी तो तसाच घरी आला.

बुधवारी सकाळी त्याने सूप करायला घेतलं. कृती त्याला माहीत नव्हती, पण वास पाठ होता. चाळीस वर्षं स्वयंपाकघरांच्या दारांवरून लॉरी नेलेल्या माणसाला, कुठल्या घरात सूप कुठवर आलंय ते फाटकापाशी कळतं. आधी लोण्याचा वास. मग त्यात कांदा आणि लीक. लीक म्हणजे कांद्याची उंच, गोरी चुलतबहीण. ती ऊनाच्या वाफ्यातली होती. ऊना गेल्यावरही त्याने दोन्ही वर्षं तिच्या ओळीत लीक लावली, खायला कुणी नव्हतं तरी. झाकण ठेवून ती मंद आचेवर गळू द्यायची, लाल होऊ द्यायची नाही. मग गाजर, त्याच्यासारखंच पण पांढरं पार्सनिप, सेलरीच्या दांड्या. मग टर्निप. आमचा टर्निप पिवळ्या गराचा आणि धोंड्याच्या जातीचा; त्याच्यावर फिंटनच्या दोन सुऱ्या हरल्या, तेव्हा त्याने तो गोठ्यात नेऊन सरपणाच्या करवतीने कापला. हे मात्र खरं आहे; करवतीच्या दातांत पिवळा गर अजून आहे. मग धुतलेल्या बार्लीच्या दोन मुठी, पाणी, आणि दोन तास धीर. शेवटी पिठूळ बटाटे, म्हणजे अर्धे विरघळून सूप धरून ठेवतात, आणि मूठभर चिरलेली पार्सली.

दुपारी त्याने चव घेतली आणि खुर्चीत बसला. चव ऊनाच्या सुपाची नव्हती. डीलियाच्याही नाही. पण त्या दोघींना ओळखणाऱ्या कुणाची तरी होती.

उद्या गुरुवार. उरलेलं म्हटलं की कालचंच हवं, म्हणून त्याने पातेलं थंड कोठीत ठेवलं आणि समाधानाने झोपला.

सकाळी झाकण काढलं, तर आत सूप नव्हतंच. बार्लीने रात्रभरात पाण्याचा थेंबन्थेंब पिऊन टाकला होता. त्याने लाकडी चमचा खुपसला आणि हात काढून घेतला. चमचा ताठ उभा राहिला, चर्चच्या मनोऱ्यासारखा. पाणी घालून गरम केलं तर खळ झाली. आपल्या हातून काय चुकलं ते त्याला कळेना. डीलियाचं उरलेलं सूप कधीच असं नसे. वाडग्यात पातळसर पसरायचं, चमचा कडेला घरंगळायचा, बार्लीचा दाणा दाताखाली यायचा.

कधीच असं नसे.

फिंटन टोपी घालून बाहेर जायला निघाला होता; तो टोपीसकट खाली बसला. एकट्या बाईकडे सकाळी अकरा वाजता, जेवणाच्या दोन तास आधी, गरम सूप उरतं कसं? दोन हिवाळे दर गुरुवारी पहाटे उठून, चूल पेटवून, तो दगड टर्निप त्या म्हाताऱ्या मनगटांनी कापून, ती एक पातेलं रांधत होती. आणि त्याला कुत्र्याचं कारण सांगत होती. आणि चाळीस वर्षं मुलूखभर थापा वाटत फिरलेल्या फिंटन गिलमार्टिनला तिची ही थाप कळली नव्हती.

टोपी त्याने काढून ठेवली. मग उठला. उरलेला अर्धा टर्निप घेतला आणि करवत शोधली.

“कालचं आहे,” आता डीलियाच्या चुलीवर पातेलं ठेवत तो सांगत होता. तिने नाही म्हणायला तोंड उघडलं, तर याने तिला फटच दिली नाही. काल पाद्रीबाबा सहज आले आणि तीन वाडगे प्याले, तिसऱ्याला त्यांनी लॅटिन म्हटलं. गुरांचा डॉक्टर वासावर आला. मग फुटबॉलचा अख्खा संघ मैदान सोडून आला, गोलरक्षकाने पातेल्यात डोकं घातलं, ते काढायला बाकीचे दहा लागले. एवढं होऊन हे एवढं उरलं.

“टाकवेना,” फिंटन म्हणाला. “कुत्रा तर माझ्याकडेही नाही.”

डीलियाने त्याच्याकडे पाहिलं. मग डाव्या हाताने फळीवरून वाडगा काढला.

ती डाव्या हाताने जेवली. पहिले दोन चमचे टेबलावर सांडले. फिंटन खिडकीकडे तोंड करून कोंबड्या मोजत राहिला; कोंबड्या सहा होत्या, त्याने त्या चौदा असल्याचं सांगितलं. त्याची बडबड चालू होती, पण कान मागे होते. चमच्याचा वाडग्याला लागणारा आवाज हळूहळू जमत गेला, नेमाने यायला लागला, मग खरवडल्यासारखा झाला. मग पावाने वाडगा पुसल्याची शांतता.

“टर्निप वेडावाकडा कापलायस,” ती म्हणाली.

“डॉक्टरने कापला. त्याला गाईंची सवय.”

“लीक ऊनाच्या ओळीतली ना?”

“हो,” फिंटन म्हणाला. एवढ्या वेळात हेच एक काही न वाढवता सांगितलेलं उत्तर होतं.

डीलियाने प्लॅस्टरचा हात मांडीवर नीट घेतला. “शनिवारी कार्मेल येतेय. त्याच्या आदल्या दिवशी तुझ्याकडे फार माणसं जेवायला आहेत का?”

“तेवीस.”

“मग उरेलच.”

“भरपूर उरेल. सकाळी नऊला घेऊन येतो. चुलीवरच ठेवून देतो, म्हणजे येईल तिला दारातच वास येईल.”

तो टोपी चाचपत दाराकडे वळला. त्याला अजून काहीतरी म्हणायचं होतं. दोन हिवाळ्यांचं ते होतं, पण तोंडात आलं तेव्हा त्याची पुन्हा गोष्ट झाली: गोलरक्षकाचं डोकं निघालं खरं, पण कानात बार्ली राहिली, आणि म्हणे आता तिला कोंब—

मागे टक्कन आवाज झाला.

डीलिया चुलीपाशी उभी होती. तिने लाकडी चमचा पातेल्याच्या मधोमध उभा धरून सोडून दिला होता, आणि तो पातेल्याच्या कडेवर आडवा पडला होता. तिने तो उचलला, पुन्हा मधोमध उभा केला, पुन्हा सोडला. पुन्हा पडला.

“खोटं बोलतोस तू, फिंटन,” ती म्हणाली आणि रिकामा वाडगा, एकदाही नाही न म्हणता, आणखी वाढायला त्याच्यापुढे धरला. “हे उरलेलं नाही.”